‘परत जा’ म्हटल्यावर जायचं कुठे? मुलांच्या टीव्हीवरचा रोजचा वंशभेद

वंशभेद म्हटलं की आपल्याला पीटरमारित्झबर्गच्या स्टेशनावर गाडीतून उतरवलेले गांधीजी आठवतात. गोऱ्यांसाठी वेगळे बाक, काळ्यांसाठी वेगळे नळ आठवतात. हे सगळं घडलेलं आहे. पण तेवढंच डोळ्यांसमोर ठेवलं की वंशभेद कुठल्या तरी दूरच्या देशातली, जुन्या काळातली गोष्ट वाटू लागते.

नागपुरात फुटाळा तलावावर फिरायला आलेल्या मणिपूरच्या विद्यार्थिनीला मागून कुणीतरी ‘ए मोमो’ म्हणतं. सीताबर्डीच्या बाजारातला दुकानदार अगदी साध्या मनाने तिला विचारतो, ‘मॅडम, तुम्ही कोणत्या देशाच्या?’ गडचिरोलीतल्या भामरागडहून शिकायला आलेल्या मुलाला वसतिगृहात पहिल्याच आठवड्यात ऐकावं लागतं, ‘काऊन बे, तुमच्याकडे सगळे नक्षलीच असतात काय?’ लग्नाच्या बोलणीत कुणी मामी सांगते, ‘रंगानं सावळी आहे, पण नाकीडोळी नीटस आहे हो पोरगी.’ यातलं एकही वाक्य कुणी पोलिसात नेणार नाही. म्हणणारा पाचव्या मिनिटाला विसरून जातो. ऐकणाऱ्याच्या वाट्याला मात्र ते पुन्हा पुन्हा येत राहतं, दर वेळी वेगळ्या तोंडातून.

यालाच रोजचा वंशभेद म्हणतात. कायद्याने केलेला भेदभाव डोळ्यांना दिसतो, हा दिसत नाही. म्हणूनच लहान मुलांना तो समजावणं कठीण जातं. टीव्हीवाल्यांनाही ते कठीणच गेलं आहे, पण गेल्या पन्नास-पंचावन्न वर्षांत त्यांनी बरेच प्रयोग केले. काही फसले, काही चांगले जमले. मी नागपुरात शाळेत शिकवते. वर्गात रोज जे कानावर पडतं त्यामुळे हा विषय माझ्या जिव्हाळ्याचा आहे. त्या प्रयोगांतून आपल्याला काय घेता येईल, ते इथे सोपं करून सांगते.

सुरुवात एका डॉक्टरांपासून करावी लागेल. चेस्टर पिअर्स हे हार्वर्ड विद्यापीठातले कृष्णवर्णीय मानसोपचारतज्ज्ञ. १९७० मध्ये त्यांनी ‘मायक्रोअ‍ॅग्रेशन’ ही कल्पना मांडली. आपण त्याला बारीक घाव म्हणू. त्यांचं म्हणणं असं होतं की काळ्या माणसाला रोज सोसावे लागणारे अपमान सुटे सुटे पाहिले तर क्षुल्लक दिसतात, पण त्यांची बेरीज माणसाला आतून पोखरते. हेच पिअर्स त्या काळात ‘सेसमी स्ट्रीट’ या मुलांच्या नव्या कार्यक्रमाचे सल्लागार होते. हा योगायोग नव्हता. मूल शाळेत जाण्याआधीच टीव्हीसमोर बसतं, आणि पडद्यावर कोण महत्त्वाचं आणि कोण बिनमहत्त्वाचं हे तिथेच शिकतं, हे त्यांनी ओळखलं होतं.

‘सेसमी स्ट्रीट’ नोव्हेंबर १९६९ मध्ये सुरू झाला. शहरातली एक साधी गल्ली, तिथे राहणारी काळी, गोरी माणसं आणि त्यांच्यात वावरणाऱ्या बाहुल्या. कुणी भाषण देत नव्हतं, अक्षरं आणि आकडे शिकवत होते. तरीही १९७० मध्ये मिसिसिपी राज्याच्या शैक्षणिक टीव्ही आयोगाने हा कार्यक्रम दाखवायचा नाही असा ठराव केला, कारण त्यात काळे आणि गोरे एकत्र राहत होते. बातमी फुटल्यावर गदारोळ झाला आणि काही आठवड्यांतच ठराव मागे घ्यावा लागला. नुसतं एका गल्लीत शेजारी म्हणून राहणं हेसुद्धा काहींना धोक्याचं वाटत होतं.

त्याच्या थोडं आधी, १९६९ च्या मे महिन्यात, अमेरिकी टीव्हीवर फ्रेड रॉजर्स यांच्या लहान मुलांसाठीच्या कार्यक्रमात एक प्रसंग दाखवला गेला. उन्हाळ्याचा दिवस. रॉजर्स प्लॅस्टिकच्या छोट्या टबात पाय बुडवून बसले आहेत. पोलिसाची भूमिका करणारे कृष्णवर्णीय गायक फ्रांस्वा क्लेमन्स येतात. रॉजर्स म्हणतात, या, तुम्हीही पाय बुडवा. दोघांचे पाय एकाच पाण्यात, शेजारी शेजारी. मग दोघं एकाच टॉवेलने पाय पुसतात. एवढंच. अमेरिकेत पोहण्याचे तलाव ही वंशभेदाची शेवटपर्यंत टिकलेली जागा होती. १९६४ मध्ये फ्लोरिडातल्या एका मोटेलच्या तलावात काळे आणि गोरे आंदोलक एकत्र उतरले, तेव्हा मोटेलच्या चालकाने त्या पाण्यात अ‍ॅसिड ओतलं होतं. १९२७ सालचं महाडचं चवदार तळं ज्याला ठाऊक आहे, त्याला त्या टबातल्या पाण्याचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही.

मुलांच्या टीव्हीचा हा पहिला मार्ग. काही बोलायचं नाही, करून दाखवायचं. तो सुंदर आहे, पण त्याला एक मोठी मर्यादा आहे. ज्याला मागची गोष्ट माहीत आहे त्यालाच तो पुरता कळतो. पाच वर्षांच्या मुलाला काय दिसलं? दोन काका पाय थंड करत होते.

मुलं किती शब्दशः पाहतात, याचा एक अभ्यास मला फार शिकवून गेला. मारी-लुईस मॅरेस आणि एमिली अकोस्टा यांनी २००८ मध्ये तो प्रसिद्ध केला. त्यांनी बालवाडीच्या वयातल्या मुलांना एका कार्टूनचा भाग दाखवला. त्यात तीन पायांचा एक कुत्रा येतो. बाकीचे कुत्रे त्याला बिचकतात, शेवटी त्याच्याशी दोस्ती करतात. जो आपल्यापेक्षा वेगळा आहे त्याला दूर लोटू नका, हा लेखकांना द्यायचा असलेला धडा. या गोष्टीतून काय शिकलात असं विचारल्यावर बऱ्याच मुलांनी सांगितलं, तीन पायांच्या कुत्र्याशी प्रेमाने वागावं. कुत्र्यावरून माणसापर्यंत ती पोचलीच नाहीत. पुढच्या एका अभ्यासात त्यांनी गोष्टीच्या अधेमधे थांबून अर्थ सांगणारे छोटे तुकडे घातले, तेव्हा मुलांना जास्त समजलं. रंगीबेरंगी प्राण्यांच्या गोष्टी सांगून मुलांना वंशभेद आपोआप समजेल अशी आशा करणाऱ्यांनी हे नीट लक्षात घ्यायला हवं. लहान मुलासमोर विषयाचं नाव घ्यावंच लागतं.

नाव घेणारा दुसरा मार्ग मोठ्या मुलांच्या मालिकांत दिसतो. डिस्ने चॅनलवर ‘दॅट्स सो रेव्हन’ नावाची विनोदी मालिका होती, भविष्यातलं थोडं थोडं दिसणाऱ्या एका शाळकरी मुलीची. २००५ मधल्या एका भागात रेव्हन आणि तिची गोरी मैत्रीण कपड्यांच्या दुकानात नोकरीसाठी जातात. रेव्हन मुलाखतीत सरस ठरते, नोकरी मैत्रिणीला मिळते. पुढे रेव्हन छुप्या कॅमेऱ्याने व्यवस्थापिकेला पकडते आणि ती बाई कबूल करते की ती काळ्या लोकांना नोकरीवर ठेवत नाही. मुलांच्या विनोदी मालिकेत हे इतक्या उघडपणे म्हटलं गेलं याला हिंमत लागते, आणि ते म्हटलं गेल्याचा मला आनंद आहे. पण अडचण नेमकी त्या कबुलीतच आहे. रोजच्या वंशभेदात कबुली कुठे मिळते? भाड्याने खोली बघायला गेलेल्या मुलाला घरमालक फक्त म्हणतो, ‘आत्ताच दुसऱ्याला दिली.’ कॅमेरा लावला तरी त्यात हेच वाक्य रेकॉर्ड होणार. अशा गोष्टी पाहून मुलांची समजूत होते की वंशभेद करणारा माणूस दुष्ट असतो, तो शोधून काढला की काम झालं. मग स्वतःचं, आईचं, आवडत्या सरांचं बोलणं त्या चौकटीत कधी बसतच नाही.

याहून अवघड आणि माझ्या मते जास्त खरा प्रयत्न १९९० मध्ये ‘द फ्रेश प्रिन्स ऑफ बेल-एअर’ या मालिकेच्या पहिल्याच वर्षी झाला. श्रीमंत कृष्णवर्णीय घरातला कार्ल्टन आणि त्याचा मावसभाऊ विल वडिलांच्या ओळखीच्या माणसाची महागडी गाडी घेऊन निघतात. पोलीस अडवतात, चोर समजून दोघांना कोठडीत टाकतात. घरी आल्यावर विलला पक्कं माहीत आहे की आपण काळे म्हणून अडवलं. कार्ल्टनला मात्र ते पटत नाही. आपण गाडी हळू चालवत होतो, पोलिसांनी त्यांचं काम केलं, असं तो म्हणत राहतो. शेवटी तो वडिलांना विचारतो, तुम्ही पोलीस असता आणि इतकी हळू जाणारी गाडी दिसली असती, तर अडवलीच असती ना? वडील सांगतात की पहिल्यांदा मला अडवलं तेव्हा मीही स्वतःला हाच प्रश्न विचारला होता. भाग तिथे संपतो. कुणी माफी मागत नाही, पोलीस सुधारत नाही.

या भागात मुलाला झालेला अपमान महत्त्वाचा आहेच, पण त्याहून महत्त्वाचा आहे त्याच्या मनातला गोंधळ. माझ्याबाबत खरंच असं झालं, की मीच जास्त विचार करतोय? बारीक घाव सोसणाऱ्या प्रत्येकाला हा प्रश्न रात्री छळतो. आणि आजूबाजूचे लोक ‘अरे, मनाला लावून घेऊ नको, गंमत केली’ म्हणून तो आणखी मोठा करतात. टीव्हीने तो गोंधळ पडद्यावर आणला की पाहणाऱ्या मुलाला कळतं, आपण वेडे नाही.

‘सेसमी स्ट्रीट’नेही पुढे मौन सोडलं. २०२१ मध्ये वेस आणि त्याचे बाबा एलायजा ही कृष्णवर्णीय बापलेकाची जोडी आली. लाल बाहुला एल्मो सरळ विचारतो, वेसचा रंग तपकिरी का? आणि बाबा मेलॅनिनबद्दल, म्हणजे कातडीला रंग देणाऱ्या द्रव्याबद्दल सांगतात. विचारलंस म्हणून कुणी एल्मोला दटावत नाही. त्याच वर्षी नोव्हेंबरात जी-यंग आली. कोरियन-अमेरिकन, सात वर्षांची, गिटार वाजवणारी. कोरोनानंतर अमेरिकेत आशियाई चेहऱ्याच्या लोकांवर हल्ले वाढले होते, त्यावर बोलण्यासाठीच तिला आणलं. तिच्या पहिल्या कार्यक्रमात एक मूल तिला ‘तुझ्या घरी परत जा’ असं म्हणून गेलेलं असतं. ते म्हणणारं मूल पडद्यावर दिसत नाही. दिसते ती जी-यंग, तिचा उतरलेला चेहरा, आणि मग एकेक करून तिच्याशी बोलणारे गल्लीतले शेजारी. इथेच तर तुझं घर आहे, असं ते तिला वेगवेगळ्या तऱ्हेने सांगतात.

मुलांसाठीचा असा कार्यक्रम तपासायचा असेल तर सगळ्यात आधी वेळ कुणाला दिलाय ते बघावं. वीस मिनिटांच्या भागात सोळा मिनिटं चिडवणं, नकला, हशा आणि शेवटची दोन मिनिटं ‘सॉरी’ असेल, तर मूल चिडवणं शिकतं. चांगल्या हेतूने केलेले कार्यक्रम इथेच घसरतात. मोठ्यांच्या टीव्हीत हे १९७४ मध्येच सिद्ध झालं होतं. ‘ऑल इन द फॅमिली’ या अमेरिकी मालिकेतला आर्ची बंकर हा सतत वंशद्वेषी बडबड करणारा गृहस्थ. लेखकांना त्याचं हसं करायचं होतं. नील व्हिडमर आणि मिल्टन रोकीच यांनी अमेरिकेतल्या किशोरवयीन मुलांना आणि कॅनडातल्या प्रौढांना विचारलं, तर ज्यांच्या मनात आधीच पूर्वग्रह होते त्यांना आर्ची बरोबरच बोलतोय असं वाटत होतं. जी-यंगच्या भागात अपमान करणाऱ्याला पडदाच दिला नाही, त्यामुळे त्याची नक्कल करायला काही उरलं नाही.

मी हा प्रसंग आठवीच्या वर्गाला सांगितला आणि विचारलं, आपल्याकडे कुणाला ‘परत जा’ म्हणतात? पहिला हात वर आला, ‘मॅडम, नेपाळी लोकांना.’ मग बिहारी, मग आफ्रिकेहून शिकायला आलेली मुलं. बराच वेळ सगळी उत्तरं दुसऱ्यांबद्दलची होती. मग मागच्या बाकावरून आवाज आला, ‘मला म्हणतात. गडचिरोलीला वापस जा म्हणतात.’ वर्गातली तीन-चार पोरं खाली बघू लागली. गोंड घरातला मुलगा. ज्या नागपुरातून त्याला परत जायला सांगत होते, ते १७०२ च्या सुमारास वसवलं गोंड राजा बख्त बुलंद शहा याने. त्या दिवशी इतिहासाचा तास मी तिथूनच सुरू केला, आणि तो मुलगा दहा मिनिटं न थांबता बोलला. आजोबांबद्दल, मोहाच्या फुलांबद्दल, माडिया भाषेतल्या आकड्यांबद्दल.

आपल्या पडद्याकडे वळलं की चित्र बदलतं. २००६ मध्ये ‘सेसमी स्ट्रीट’चीच भारतीय बहीण ‘गली गली सिम सिम’ आली, शाळेचा गणवेश घातलेली बाहुली चमकी हिला घेऊन. ती चांगली होती. पण पोरांच्या तोंडी आजही ‘छोटा भीम’ आहे, २००८ पासून. त्यात गावातला दांडगट, आडदांड, भीमावर जळणारा मुलगा कोण? कालिया. लेखकांनी मुद्दाम काही केलं असेल असं मी म्हणत नाही. पण माझ्या शाळेत सावळ्या मुलाला ‘कालिया’ हाक मारणारी पोरं ती हाक टीव्हीवरूनच उचलतात, हे मी ऐकलेलं आहे.

संध्याकाळी साऱ्या घरासोबत मुलंही मालिका बघतात. स्टार प्रवाहवर २०१९ मध्ये ‘रंग माझा वेगळा’ सुरू झाली, सावळ्या रंगामुळे सासरी हिणवल्या जाणाऱ्या दीपाची गोष्ट. मराठी घरांत रंगावर बोलणं सुरू झालं हे तिचं श्रेय मी मनापासून देते. तरी एक खंत राहतेच. सावळ्या नायिकेसाठी सावळी अभिनेत्री न घेता उजळ रंगाच्या अभिनेत्रीला मेकअपने सावळं केलं. घरात बसलेल्या सावळ्या मुलीला त्यातून काय कळतं? तुझी गोष्ट सांगू, पण तुला घेणार नाही.

आणि मधल्या जाहिराती. गोरेपणाच्या क्रीमने नोकरी मिळते, नवरा मिळतो, हे आपण दशकानुदशकं पाहिलं. २०१४ मध्ये जाहिरात मानक परिषदेने नियम केला की सावळा रंग म्हणजे उणीव असं दाखवायचं नाही. २०२० मध्ये ‘फेअर अँड लव्हली’चं नाव ‘ग्लो अँड लव्हली’ झालं. नागपूरच्या उन्हाळ्यात पारा पंचेचाळिशी गाठतो, आणि तरी आम्ही मुलींना ‘ऊन लागेल’ म्हणण्याआधी ‘काळी पडशील’ म्हणतो.

हे नुसतं मन दुखावण्यापुरतं राहत नाही. जानेवारी २०१४ मध्ये दिल्लीच्या लाजपत नगरात अरुणाचलच्या निडो तानिया या विद्यार्थ्याला त्याच्या दिसण्यावरून, केसांवरून हिणवलं. वाद झाला, मारहाण झाली आणि तो गेला. त्यानंतर ईशान्येच्या लोकांच्या अडचणी पाहण्यासाठी केंद्राने बेझबरुआ समिती नेमली. मार्च २०२० मध्ये तर ईशान्येच्या लोकांना ‘कोरोना’ म्हणून छळू नका, असं केंद्रीय गृहखात्याला राज्यांना लेखी कळवावं लागलं.

नागपुरात हा विषय निघाला की जातीबद्दल विचारणा होणारच, आणि व्हायलाच हवी. जात आणि वंश एक नाहीत. जातींचं मूळ वंशात आहे ही मांडणी बाबासाहेबांनीच पुराव्यानिशी नाकारली. पण रोजचा अपमान दोन्हीकडे सारख्याच वाटेने येतो. नवा मित्र घरी आला की पाण्याचा पेला पुढे करता करता ‘आडनाव काय रे तुझं?’ विचारणारे काका काही वाईट बोललेले नसतात. विचारलं ते कशासाठी, हे त्या मुलाला पक्कं कळलेलं असतं. दीक्षाभूमी ज्या शहरात आहे तिथल्या पोरांसाठी या प्रश्नावर एक तरी चांगली मालिका हवी. माझ्या पाहण्यात ती नाही.

मग घरी काय करायचं? बिर्गिट व्हिट्रप आणि जॉर्ज होल्डन यांनी २०११ मध्ये अमेरिकेतल्या गोऱ्या पालकांवर केलेला अभ्यास प्रसिद्ध केला. काही पालकांना सांगितलं होतं की मुलांना वेगवेगळ्या वंशांची माणसं एकत्र दाखवणारे कार्यक्रम दाखवा आणि वंशाबद्दल त्यांच्याशी बोला. बहुतेकांनी विषय टाळला किंवा ‘सगळे सारखेच असतात’ म्हणून उरकला. सांगूनही बोलवेना. आपल्याकडे यापेक्षा वेगळं होईल असं मला वाटत नाही, म्हणून काय बोलायचं ते नेमकं सांगते. ‘यातून काय शिकलास?’ असं विचारू नका, मूल तुम्हाला हवं तेच उत्तर देईल. विचारा, ‘तिला तेव्हा काय वाटलं असेल?’ मग, ‘तिथे उभ्या असलेल्या बाकीच्यांनी काय केलं?’ आणि थोड्या वेळाने, ‘तुमच्या वर्गात असं कुणाला म्हणतात?’ तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर लगेच येत नाही. मुलं आता मोबाइलवर कानात इअरफोन घालून एकेकटी बघतात, त्यामुळे हे बोलणं जेवताना, स्कूटरवर, कुठेही होऊ द्या. मुलाने बाजारात मोठ्याने ‘ते काका इतके काळे का?’ विचारलं तर त्याचा हात दाबू नका. एलायजासारखं सांगा, कातडीत मेलॅनिन असतं, कुणात कमी, कुणात जास्त. हात दाबलात की त्याला एवढंच कळतं की काळं असणं ही कुजबुजायची गोष्ट आहे.

आणि मराठी वाहिन्यांकडे माझी मागणी आहे. जी-यंगला चालवणाऱ्या आणि आवाज देणाऱ्या कॅथलीन किम स्वतः कोरियन-अमेरिकन आहेत. ती बाहुली खरी वाटते याचं हे मोठं कारण आहे. भामरागडच्या मुलाची मालिका करायची तर त्याला नागपुरातल्या वसतिगृहात ठेवा. पहिल्याच भागात त्याला माडियात आईशी फोनवर बोलू द्या, खाली मराठी अक्षरं येऊ द्यात. त्याला चिडवणारा कमी दिसू द्या, आणि चिडवल्यावर गप्प राहिलेला त्याचा खोलीतला मित्र जास्त दिसू द्या, कारण आपल्यातली बहुतेक मुलं तो गप्प राहिलेला मित्रच असतात. आणि संवाद लिहायला माडिया बोलणारं कुणीतरी घ्या. गडचिरोलीहून इथे येऊन पदवीधर झालेली अशी मुलंमुली या शहरात आहेत. त्यांना बोलवा, आणि लिहिण्याचे पूर्ण पैसे द्या.